विश्लेषण : ना संवाद, ना चेहरा, तरीही पडद्यावर एकटेपण कसे दिसते? नॉर्मन मॅक्लॅरेन कोण होते?

हातात पुस्तक घेऊन एक तरुण येतो. समोर साधी पांढरी खुर्ची आहे. तो बसायला जातो आणि खुर्ची बाजूला सरकते. तो पुन्हा प्रयत्न करतो, ती पुन्हा निसटते. मग पाठलाग, झटापट, रुसवाफुगवा, मनधरणी. दहा मिनिटांच्या या लघुपटात कुणाच्याही तोंडून चकार शब्द निघत नाही. खुर्चीला तर डोळे, नाक, तोंड काहीच नाही. तरीही ती कधी घाबरली, कधी दुखावली आणि कधी विरघळली, हे पाहणाऱ्याला बरोबर कळते. अखेर तरुणाच्या डोक्यात प्रकाश पडतो. आजवर सगळे खुर्चीवर बसत आले, तिला मात्र कुणावर बसायला मिळालेले नाही. तो खाली वाकतो, खुर्ची त्याच्यावर बसते आणि त्यानंतर ती त्याला बसू देते.

१९५७ च्या या लघुपटाचे नाव ‘अ चेअरी टेल’. त्यातले सतारीचे संगीत पंडित रविशंकर यांचे आहे, तर तबल्यावर चतुरलाल आहेत. दिग्दर्शक होते कॅनडात स्थायिक झालेले स्कॉटिश कलावंत नॉर्मन मॅक्लॅरेन. पाय न हलवता रस्त्यावरून घसरत जाणारी माणसे आज रील्समध्ये सर्रास दिसतात. ही करामत सत्तरेक वर्षांपूर्वी गांभीर्याने वापरून दाखवली ती याच माणसाने. ॲनिमेशन शिकणाऱ्यांना त्यांचे नाव पहिल्या वर्षातच कळते, बाहेर मात्र ते फारसे कुणाला ठाऊक नसते. त्यांनी एकेक गोष्ट काढून टाकत पडदा जवळजवळ रिकामा केला आणि त्या रिकामेपणात न बोललेली भावना दाखवली. हे त्यांना कसे जमले आणि त्यांच्या स्वतःच्या आयुष्यात काय अव्यक्त राहिले?

कॅमेराच नव्हता, मग चित्रपट कसा केला?

मॅक्लॅरेन यांचा जन्म ११ एप्रिल १९१४ रोजी स्कॉटलंडमधील स्टर्लिंग या गावी झाला. वडील घरांच्या रंगकामाचा आणि अंतर्गत सजावटीचा व्यवसाय करत. मुलाने १९३२ मध्ये ग्लासगो स्कूल ऑफ आर्टमध्ये प्रवेश घेतला तोही अंतर्गत सजावट शिकण्यासाठीच. पण तिथे त्याला चित्रपटाचे वेड लागले. अडचण एकच होती, हाताशी कॅमेरा नव्हता. मग जुन्या ३५ मिलिमीटर फिल्मवरचा चित्रांचा थर धुऊन काढायचा आणि कोऱ्या झालेल्या पारदर्शक पट्टीवर रंगीत शाईने थेट रेषा, ठिपके काढायचे, असा मार्ग त्यांनी शोधला. ३५ मिलिमीटर फिल्मवरची एक चौकट साधारण टपाल तिकिटाएवढी, किंबहुना त्याहून लहान असते. चित्रपटाच्या एका सेकंदाला अशा २४ चौकटी लागतात.

पुढे कॅमेराही मिळाला. १९३६ मध्ये स्कॉटलंडच्या हौशी चित्रपट महोत्सवात माहितीपटांचे जनक मानले जाणारे जॉन ग्रिअर्सन यांनी त्यांचे काम पाहिले आणि लंडनला ब्रिटिश टपाल खात्याच्या चित्रपट विभागात नोकरी देऊ केली. टपाल खाते आणि प्रयोगशील सिनेमा ही जोडी आज विचित्र वाटते, पण त्या काळच्या ब्रिटनमध्ये उत्तमोत्तम माहितीपट तिथूनच निघाले.

त्याच वर्षी ते कॅमेरामन म्हणून यादवी युद्धाने पेटलेल्या स्पेनमध्ये गेले. माद्रिदच्या बचावावरील माहितीपटासाठी केलेल्या चित्रीकरणात त्यांनी युद्ध जवळून पाहिले. नंतरच्या सगळ्या आयुष्यावर त्याची सावली पडली. दुसरे महायुद्ध तोंडावर आले तेव्हा, १९३९ मध्ये, ते ब्रिटन सोडून न्यूयॉर्कला गेले. पुन्हा युद्धात कोणत्याही प्रकारे ओढले जाण्याची त्यांची तयारी नव्हती. १९४१ मध्ये ग्रिअर्सन यांनीच त्यांना कॅनडात बोलावून घेतले. तिथे ‘नॅशनल फिल्म बोर्ड’ ही सरकारी संस्था नुकतीच उभी राहिली होती. मॅक्लॅरेन यांनी तिथे ॲनिमेशन विभाग उभारला आणि चार दशकांहून अधिक काळ तिथेच काम केले. युद्धकाळात त्यांनी बचतपत्रे आणि टपालाच्या प्रचारासाठीही छोटे चित्रपट केले, पण त्यांत नाचणाऱ्या कोंबड्या आणि आकडे अधिक दिसतात.

चेहरा नसताना भावना येते कुठून?

समजा, कोऱ्या पडद्यावर एक ठिपका आहे आणि त्याला डावीकडून उजवीकडच्या दुसऱ्या ठिपक्यापर्यंत जायचे आहे. त्यासाठी २४ चौकटी आहेत. प्रत्येक चौकटीत तो सारखेच अंतर पुढे गेला तर ते यंत्र वाटेल. आधी अगदी थोडा सरकला, मग झपकन पुढे गेला आणि दुसऱ्या ठिपक्याजवळ पोहोचता पोहोचता सहा चौकटी जागच्या जागी थांबला, तर? पाहणारा म्हणेल, हा बिचकला. ठिपका तोच, अंतर तेच आणि वेळही तोच एक सेकंद. बदलली ती फक्त दोन चौकटींमधली फट.

मॅक्लॅरेन यांच्या विचाराचे सार हेच होते. प्रत्येक चौकटीत काय काढले आहे, यापेक्षा एका चौकटीकडून दुसरीकडे जाताना काय होते, याला ते जास्त महत्त्व देत. १९७० च्या दशकात त्यांनी ग्रँट मन्रो या सहकाऱ्यासोबत ‘ॲनिमेटेड मोशन’ ही पाच भागांची शिकवणी मालिका केली. तिच्यात गतीचे प्रकार उलगडले आहेत. समान गती, वाढती गती, घटती गती आणि त्यांच्याच रांगेत ‘शून्य गती’. थांबणे हाही हालचालीचाच एक प्रकार, असे मानणारा माणूस अबोल्यावर चित्रपट करणार, यात नवल नाही. (मोबाइल ॲपमध्ये बटण दाबल्यावर पडदा हळू सुरू होऊन हळू थांबतो, त्यामागचे गणित हेच. भौतिकशास्त्राच्या तासाला वेग-काळाचे आलेख काढताना कुणी ही मालिका दाखवली असती, तर अनेक इंजिनीअर वेगळ्या वाटेला लागले असते.)

१९५५ च्या ‘ब्लिंकिटी ब्लँक’मध्ये हा विचार टोकाला गेला. काळ्या फिल्मवर सुईने आणि पात्याने कोरून त्यांनी दोन पक्ष्यांसारख्या जीवांची भेट दाखवली. पण मधल्या कितीतरी चौकटी काळ्याच ठेवल्या. एक आकृती लकाकते, नाहीशी होते, थोड्या अंधारानंतर दुसरीकडे उमटते. ते जीव भांडतात, बिचकतात, जवळ येतात. त्यातले बरेचसे प्रत्यक्षात काढलेलेच नाही, पाहणाऱ्याचा मेंदू ते भरून काढतो. कान महोत्सवात या चित्रपटाला लघुपटांसाठीचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

त्याहून कठोर प्रयोग १९६० मध्ये झाला. ‘लाइन्स व्हर्टिकल’मध्ये फक्त उभ्या रेषा आहेत. रिकाम्या पडद्यावर एक रेषा सरकते, तिच्यातून दुसरी निघते, मग आणखी. त्या एकमेकींकडे येतात, ओलांडतात, दूर जातात. या रेषा फिल्मवर पट्टी ठेवून थेट कोरल्या होत्या. दोन वर्षांनी तीच फिल्म ९० अंशांत फिरवून ‘लाइन्स हॉरिझॉन्टल’ तयार झाला. उभ्या रेषा माणसांसारख्या वाटतात, आडव्या केल्या की त्याच क्षितिजासारख्या दिसतात. स्वतः पडताळून पाहण्यासारखी ही गोष्ट आहे.

या रेषापटांत आणि इतर अनेक कामांत त्यांच्या बरोबरीच्या भागीदार होत्या एव्हलिन लॅम्बार्ट. त्या कॅनडातील पहिल्या महिला ॲनिमेटर मानल्या जातात. लहानपणापासून त्यांना कमी ऐकू येत असे. ‘अ चेअरी टेल’मधली खुर्ची जिवंत करण्याचे श्रेयही त्यांचेच आहे. मॅक्लॅरेन यांच्यावरच्या लेखांत त्यांचा उल्लेख बहुतेकदा एका ओळीत उरकला जातो. तो अन्याय आहे.

आवाजही हाताने काढला, तो कसा?

जुन्या फिल्मच्या कडेला ध्वनीची एक बारीक पट्टी असे. तिच्यातून प्रकाश जाई, तो कमी-जास्त झाला की त्याचा विद्युतप्रवाह होई आणि त्यातून आवाज निघे. मॅक्लॅरेन यांनी विचार केला, या पट्टीवर आपणच आडव्या रेघा ओढल्या तर? रेघा दाट असतील तर स्वर उंच, विरळ असतील तर खालचा. हिशेब करून पाहा. वाद्ये जुळवताना वापरला जाणारा ४४० हर्ट्झचा स्वर हवा असेल, तर सेकंदाच्या २४ चौकटींपैकी प्रत्येकीच्या कडेला साधारण १८ रेघा लागतील. पुढे त्यांनी प्रत्येक स्वरासाठी रेघांची कार्डे तयार केली आणि त्यांचे फोटो घेऊन संगीत रचले. सिंथेसायझर घरोघरी येण्याच्या कितीतरी आधीची ही गोष्ट. कुठल्याही वाद्याचा नसलेला तो खरखरीत आवाज ‘नेबर्स’मध्ये ऐकू येतो.

‘नेबर्स’मध्ये काय आहे?

१९४९ मध्ये युनेस्कोच्या कामासाठी मॅक्लॅरेन चीनमध्ये गेले. ग्रामीण भागात आरोग्यशिक्षणासाठी चित्रे आणि चित्रपट कसे वापरावेत, हे स्थानिक कलावंतांना शिकवण्याचे काम होते. ते तिथे असतानाच कम्युनिस्टांनी सत्ता घेतली. परतल्यावर काही काळातच कोरियाचे युद्ध पेटले. कालपर्यंत ज्यांच्यासोबत काम केले ते आता शत्रुपक्ष ठरले होते.

१९५२ च्या ‘नेबर्स’ची गोष्ट पाचवीतल्या मुलालाही कळेल. दोन शेजारी, दोन पुठ्ठ्याची घरे, मधे हिरवळ. बरोबर सीमेवर एक फूल उगवते. दोघेही त्याच्या वासाने वेडे होतात आणि मग ते कुणाचे यावरून भांडण, कुंपण, हाणामारी, शेवटी दोघांचा मृत्यू. ज्या फुलासाठी हे घडले तेही पायाखाली चिरडले जाते. आठ मिनिटांचा हा चित्रपट माणसांना बाहुल्यांसारखे वापरून एकेक चौकट टिपत केला आहे. हवेत तरंगण्याच्या दृश्यासाठी नट पुन्हा पुन्हा उड्या मारत आणि प्रत्येक उडीच्या सर्वोच्च क्षणी एक चौकट टिपली जाई. हे शेजारी एकमेकांशी एकदाही बोलत नाहीत. सुरुवातीला, भांडणाआधी, ते शेजारी बसून आपापले वर्तमानपत्र वाचत असतात. त्यांचे एकटेपण तिथूनच सुरू झालेले आहे.

दोघे एकमेकांच्या बायको-मुलांनाही मारतात, हे दृश्य अमेरिकेत वितरणासाठी कापावे लागले. व्हिएतनाम युद्धाच्या काळात ते परत जोडले गेले. या चित्रपटाला ऑस्कर मिळाले ते १९५३ मध्ये आणि तेही लघु माहितीपट या विभागात. माहितीपट तो कुठल्याच अर्थाने नव्हता. त्याच सुमारास मॅक्लॅरेन युनेस्कोच्याच कामासाठी भारतातही येऊन गेले. २००९ मध्ये युनेस्कोने ‘नेबर्स’चा समावेश ‘मेमरी ऑफ द वर्ल्ड’ या जागतिक दस्तऐवजांच्या यादीत केला.

जे बोलता आले नाही ते काय?

१९३७ मध्ये लंडनमध्ये बॅले पाहायला गेले असताना मॅक्लॅरेन यांची गाय ग्लोव्हर यांच्याशी ओळख झाली. दोघे बरोबरच न्यूयॉर्कला गेले, बरोबरच कॅनडाला. ग्लोव्हर फिल्म बोर्डातच निर्माते झाले. एकाच संस्थेत नोकरी, एकच घर आणि एकूण पन्नास वर्षांची सोबत. जवळच्या सहकाऱ्यांना हे नाते ठाऊक होते. जाहीरपणे मात्र त्याला नाव नव्हते, कारण नाव देणे म्हणजे गुन्ह्याची कबुली ठरली असती. पुरुषांमधील शरीरसंबंध कॅनडात १९६९ पर्यंत फौजदारी गुन्हा होता. मॅक्लॅरेन यांच्या जन्मभूमीत, स्कॉटलंडमध्ये, कायदा बदलला १९८० मध्ये. तेव्हा ते ६६ वर्षांचे होते. (भारतात हे २०१८ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने घडले.)

दोघे सरकारी संस्थेत होते, हा तपशील इथे महत्त्वाचा आहे. शीतयुद्धाच्या काळात फिल्म बोर्डावर आधी कम्युनिस्टांचा अड्डा म्हणून संशय घेतला गेला आणि काही जणांच्या नोकऱ्याही गेल्या. मॅक्लॅरेन तरुणपणी कम्युनिस्ट पक्षाचे सदस्य होते. १९५० च्या दशकाच्या अखेरीपासून कॅनडा सरकारने समलिंगी असल्याच्या संशयावरून सरकारी कर्मचारी, मुत्सद्दी आणि सैनिकांना हुडकून काढायला सुरुवात केली. अशा माणसांना शत्रू ब्लॅकमेल करू शकतो, हे कारण दिले जाई. डोळ्याच्या बाहुलीचा आकार मोजून माणसाच्या मनातले ओळखणारे यंत्र बनवण्यासाठी सरकारी पैसाही खर्च झाला. यंत्र फसले. या सगळ्याबद्दल कॅनडाच्या पंतप्रधानांनी संसदेत माफी मागितली ती २०१७ मध्ये. मॅक्लॅरेन आणि ग्लोव्हर यांची नोकरी टिकली, पण आसपास काय चालले आहे हे कळत असताना त्यांनी ती दशके काढली.

आता मोह होतो तो प्रत्येक चित्रपटात हेच शोधण्याचा. खुर्ची म्हणजे अमुक, दोन पक्षी म्हणजे तमुक. इतका सरळ अर्थ लावणे टाळलेलेच बरे, कारण मॅक्लॅरेन खेळकर होते आणि त्यांच्या अनेक चित्रपटांत नुसती मजा आहे. तरीही एक गोष्ट डोळ्यांआड करता येत नाही. त्यांच्या पडद्यावरचे एकटेपण हे कुणी सोबत नसल्याचे एकटेपण क्वचितच असते. तिथे बहुतेकदा दोघे असतात. दोन शेजारी, दोन पक्षी, माणूस आणि खुर्ची. अडते ते एकाचे दुसऱ्यापर्यंत पोहोचताना.

‘पा द दू’ सर्वोत्तम का मानला जातो?

१९६८ चा ‘पा द दू’ हा तेरा मिनिटांचा कृष्णधवल चित्रपट. नाव बॅलेतले, दोघांचे नृत्य असा अर्थ. नर्तक मार्गारेट मर्सिए आणि व्हिन्सेंट वॉरेन. दोघांनाही पांढरे कपडे घालून पूर्ण काळ्या मंचावर नाचवले आणि प्रकाश फक्त मागून, दोन्ही बाजूंनी टाकला. त्यामुळे चेहरे अंधारात गेले आणि उरली शरीराची तेजस्वी कड.

सुरुवातीला ती एकटीच आहे. जमिनीवरून उठते आणि तिच्यातूनच तिची दुसरी प्रतिमा वेगळी होते. ती त्या प्रतिमेकडे पाहते, तिच्याभोवती फिरते, तिच्यात परत मिसळते. स्वतःच स्वतःची सोबत करणाऱ्या माणसाचे इतके नेमके चित्र क्वचित पाहायला मिळते. मग तो येतो. ती दूर जाते, तो मागे येतो. आणि इथे तंत्र भावनेला हात देते. मॅक्लॅरेन यांनी ऑप्टिकल प्रिंटर या यंत्रावर तेच चित्रण त्याच फिल्मवर पुन्हा पुन्हा उमटवले, काही ठिकाणी अकरा वेळा, आणि प्रत्येक वेळी काही चौकटी उशिराने. समजा पाच चौकटींचा उशीर, म्हणजे सेकंदाचा जेमतेम पाचवा भाग. परिणाम असा की हात उचलला तर तो पंख्यासारखा उलगडतो, उडी मारली तर मागे प्रतिमांची कमान राहते. नर्तक थांबले की मागे राहिलेल्या सगळ्या प्रतिमा एकेक करून येऊन त्यांच्यात सामावतात.

ते थांबण्याचे क्षण पाहावेत. तो तिला स्पर्श करतो तेव्हा दोघांच्या मागच्या प्रतिमा अजून पोहोचायच्या असतात. शरीर आधी पोहोचले आणि मन मागून आले, असे काहीसे. हे संवादात लिहिले असते तर भाबडे वाटले असते. सोबत रोमानियन पॅनपाइपचे लांबलेले सूर आहेत, बाकी काही नाही. या चित्रपटाला ऑस्करचे नामांकन मिळाले आणि ब्रिटनचा बाफ्टा पुरस्कारही. कॅनडात कायदा बदलला तो याच्या पुढच्या वर्षी.

शेवटच्या चित्रपटात काय सांगितले?

१९८३ चा ‘नार्सिसस’ हा मॅक्लॅरेन यांचा अखेरचा चित्रपट. ग्रीक पुराणातला हा देखणा तरुण इतरांचे प्रेम झिडकारतो आणि पाण्यातल्या स्वतःच्या प्रतिबिंबाच्या प्रेमात पडतो. चित्रपटात त्याच्याकडे आधी एक तरुणी येते, मग एक तरुण मित्र. दोघेही नाचतात, दोघांनाही तो दूर सारतो. मित्राबरोबरचे नृत्य लपवलेले नाही, झाकलेले नाही. आधीच्या चाळीस वर्षांत मॅक्लॅरेन यांनी पडद्यावर दोन पुरुषांना असे कधी आणले नव्हते. ‘नेबर्स’मधल्या दोन पुरुषांनी एकमेकांना मारून टाकले होते. अखेरीस नार्सिसस स्वतःच्या प्रतिमेसोबत नाचत राहतो आणि मग दिसते की तो गजांआड आहे.

या चित्रपटाची लय ‘पा द दू’पेक्षा संथ आहे, थोडी लांबलेलीही. तेव्हा ते थकले होते; नैराश्य त्यांच्या आयुष्यात पूर्वीपासून होते, उतारवयात ते वाढले. मानसन्मान भरपूर मिळाले होते. १९७३ मध्ये कॅनडाचा सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला. मॉन्ट्रियलमधील फिल्म बोर्डाच्या इमारतीला पुढे त्यांचे नाव दिले गेले. २७ जानेवारी १९८७ रोजी त्यांचे निधन झाले. ग्लोव्हर त्यानंतर वर्षभरच जगले. मॅक्लॅरेन यांनी परदेशातून आई-वडिलांना नेमाने लिहिलेली पत्रे आता स्टर्लिंग विद्यापीठाच्या अभिलेखागारात आहेत.

हे लघुपट कुठे पाहता येतील?

नॅशनल फिल्म बोर्डाच्या संकेतस्थळावर मॅक्लॅरेन यांचे बहुतेक लघुपट मोफत उपलब्ध आहेत. संवाद नसल्याने उपशीर्षकांची गरज नाही. सुरुवात ‘अ चेअरी टेल’ने करावी, मग ‘नेबर्स’. मुलांसोबत पाहायचा झाल्यास ‘नेबर्स’चा शेवटचा भाग हिंसक आहे, हे लक्षात ठेवावे. ‘पा द दू’ मात्र बसमध्ये, उन्हात पाहू नये. काळ्या पडद्यावरची ती बारीक पांढरी कड दिसायची तर खोलीतला दिवा बंद हवा, मोबाइलचा ब्राइटनेस वाढवलेला हवा आणि फोन आडवा धरलेला हवा.